चोवीस तासांनी

पहाटे पाचला मुरारपलीकडच्या गोठ्यांतून
टॉर्च भिंतीला तिरपी धरून, तोंडाने नळी ओढत
मी डास गोळा करत असे. सरकारी पद: कीटक संग्राहक.
आई शेजारणींना सांगायची, कलेक्टर आहे.

माद्याच घ्यायच्या.
खिळा अर्धवट ठोकून सोडावा
तशा भिंतीवर तिरक्या बसलेल्या.
पंचवीस एका नळीत. आत डीडीटीचा कागद. एक तास.
मग स्वच्छ नळी, साखरपाण्याचा बोळा,
वरून ओला टॉवेल, आणि चोवीस तासांनी मोजणी.
ग्वाल्हेरच्या जूनमध्ये तो टॉवेल
दर अर्ध्या तासाने भिजवावा लागे, नाहीतर
उष्म्यानेच मरायच्या, आणि नाव औषधाचं व्हायचं.

पहिल्या वर्षी पंचवीसातल्या तेवीस मेल्या.
चौथ्या वर्षी, त्याच गोठ्यातल्या, नऊ.

पंपवाला रामसेवक कुशवाह म्हणाला,
शिकल्या साल्या. दवा पचवायला शिकल्या.

शिकलं कुणीच नव्हतं, रामसेवक.
पहिल्या वर्षी ज्या दोन उरल्या
त्या तुझा पंप गावात यायच्या आधीपासून तशाच होत्या.
अंगात विष फोडणारा एक रस जरा जास्त,
ज्याचा तोवर त्यांना काडीचा उपयोग नव्हता,
झालाच तर भार.
बाकीच्या गेल्या. डबक्यात अंडी यांची.
एकही मादी बदलली नाही. बदलली ती गिनती.
आमच्याकडे मोजणीला गिनतीच म्हणतात.

मधे दोन वर्षं बजेट आलं नाही, फवारणी नाही.
मेलेल्यांचा आकडा आपोआप वर चढू लागला.
भार तो भारच.

पुस्तकात याला निवड म्हणतात.
शब्द वाचला की मला आई दिसायची,
माधोगंजच्या ओसरीवर, मांडीत ताट,
चष्मा नाकाच्या शेंड्यावर,
खडा दिसला की बोटाने कडेला.
तिला माहीत असे काय हवंय: रात्रीचा भात.
इथे तसं कुणी बसलेलं नाही.
ताट नाही, बोट नाही, कुणाला भूक नाही.
फार तर चाळण म्हणा.
चाळणीला भोकं असतात, डोळे नसतात,
आणि भोकंही दर मोसमाला तीच राहत नाहीत.

शिवाय एका घरात म्हातारबुवांनी
देवाच्या फोटोमागे फवारू दिलं नाही.
तिथल्या सगळ्या वाचल्या.
त्यांच्यात विशेष काही नव्हतं. फोटो होता.

कुंदा माझ्याहून दीड वर्षाने मोठी.
एकच खाट, एकच फाटकी मच्छरदाणी,
एकाच अश्विनात दोघांना ताप,
गुळात दडवलेली एकच कडू गोळी, अर्धी अर्धी.
नवव्या दिवशी मी उठून पोहे मागितले.
लोक म्हणाले, याच्यात दम होता.
आईही म्हणाली, एकदा. परत कधी नाही.

माझ्या रक्तात काही होतं का, जे तिच्या नव्हतं?
का मी त्या रात्री नुसता फोटोमागे होतो?
एका घरच्या दोन पोरांवरून सांगता येत नाही.
पंचवीस लागतात. पंचविसांच्या चार नळ्या.

एक नळी बिनविषाचीही ठेवायची असते.
तिच्यातही एक-दोन मरतातच, कशानेही.
त्यासाठी सूत्र आहे. त्या आधी वजा करायच्या,
मग औषधाचा हिशोब.

रजिस्टर पेनानेच भरा, असा साहेबांचा हुकूम होता.
तो एक रकाना मी
शेवटपर्यंत पेन्सिलीने भरत आलो.